मंजूर उतार

शाळेला एक यंत्रमानव प्राप्त झाला. सोबत परिपत्रक होते. परिपत्रकानुसार त्याचे पूर्ण नाव 'शैक्षणिक चलयंत्र संच, प्रकार दुसरा' असे असून, विद्यार्थ्यांच्या मनातील तंत्रज्ञानाची भीती घालवणे हा त्याचा हेतू होता. विद्यार्थ्यांच्या मनात तशी भीती नव्हती. ती शिक्षकांच्या मनात होती. परंतु परिपत्रकात शिक्षकांचा उल्लेख फक्त 'व्यक्तिशः जबाबदार राहतील' या शब्दांच्या आधी आला होता.

यंत्रमानव दिसायला मोठ्या डब्याच्या झाकणासारखा होता. गोल, चपटा, खाली दोन चाके, पुढे दोन दिवे. संगणकाच्या ब्राउझरमध्ये ठरावीक पान उघडायचे, 'पुढे जा', 'वळ', 'थांब' असे रंगीत ठोकळे एकाखाली एक लावायचे आणि बटण दाबायचे. मग पानावर एक चित्रातला यंत्रमानव तसा चालणार आणि जमिनीवर खराखुरा यंत्रमानव त्याच्यासोबत तसाच चालणार, अशी योजना होती. प्रत्येक विद्यार्थ्याने त्याच्याकडून एक चौकोन चालवून घ्यायचा. जमला की पानावर हिरवी खूण, चुकला की लाल. खुणा आपोआप वर जात. वर म्हणजे नेमके कुठे, हे शाळेत कोणालाच माहीत नव्हते. पण तिथून काही खाली आले तर ते चांगले नसते, एवढे सर्वांना माहीत होते.

यंत्रमानव समन्वयक म्हणून विज्ञान शिकवणाऱ्या बाईंची एकमताने निवड झाली. निवड झाली तेव्हा बाई पाणी प्यायला गेल्या होत्या.

बाई चांगल्या शिकवत, पण अजून कायम झालेल्या नव्हत्या. घरी सासूबाईंनी शेजारीपाजारी त्या कायम झाल्याचे केव्हाच सांगून टाकले होते. आता नुसते प्रत्यक्ष व्हायचे बाकी होते. मुख्याध्यापकांनी बाईंना खोलीत बोलावून धीर दिला.

"वर्गाच्या सगळ्या खुणा हिरव्या आल्या ना, की तुमचा प्रस्ताव मी डोळे मिटून पुढे पाठवतो."

मुख्याध्यापक सगळेच प्रस्ताव डोळे मिटून पाठवत, त्यामुळे बाईंचा विश्वास बसला.

पहिल्या तासाला बाईंनी मुख्याध्यापकांचा लॅपटॉप वर्गात आणला, कारण यंत्रमानवाला चालणारा नवा ब्राउझर शाळेत तेवढ्या एकाच ठिकाणी होता. पान उघडताच ब्राउझरने विचारले, 'या पानाला तुमच्या आसपासची उपकरणे शोधायची आहेत. शोधू द्यावे काय?' बाईंनी होकार दिला. ब्राउझरने शोध घेऊन एकच उपकरण सादर केले आणि बाईंनी घाईघाईत ते जोडूनही टाकले. ते मुख्याध्यापकांचे इअरफोन होते. बंद दाराआड महत्त्वाच्या बैठकीत असलेल्या मुख्याध्यापकांच्या कानातले सामन्याचे धावते वर्णन मध्येच तुटले आणि एक गोड आवाज म्हणाला, "जोडणी पूर्ण झाली. आता पुढे जा." ते दार उघडून बाहेर आले आणि व्हरांड्यात उभे राहून म्हणाले, "कोणी बोलावलं?"

दुसऱ्या खेपेला यंत्रमानव सापडला. मात्र ते पान डोळ्यांसमोर उघडे असेपर्यंतच तो हलत असे. दुसरे पान उघडले, की जागच्या जागी थांबून दिवे मिचकावत राही. आपल्याकडे कोणाचे लक्ष नाही हे कळताच काम थांबवण्याची त्याची ही सवय पाहून मुलांनी त्याचे नाव 'मुकादम' ठेवले.

बाईंनी ठोकळे लावले, बटण दाबले. पानावरच्या चित्रातल्या मुकादमाने रेखीव चौकोन काढला. हिरवी खूण आली. वर्गात टाळ्या झाल्या, पण त्या दुसऱ्याच कारणाने. जमिनीवरचा मुकादम सुरुवातीपासूनच डावीकडे कलत कलत निघाला होता आणि नकाशांच्या कपाटाखाली शिरला होता.

बाईंनी तो पट्टीने बाहेर काढला, उलटा केला, आणि दोष त्यांना तिथेच दिसला. डाव्या चाकाच्या दांड्याला एक लांब केस गुंडाळला गेला होता, त्यामुळे चाक मागे ओढले जात होते. एक स्क्रू काढला असता तर केस निघाला असता. परंतु स्क्रूवर स्टिकर होता: 'हा काढल्यास हमी संपुष्टात येईल व संबंधित व्यक्ती व्यक्तिशः जबाबदार राहील.' बाई अजून कायम नव्हत्या. त्यांनी मदत केंद्राला फोन लावला.

आपली अडचण आमच्यासाठी महत्त्वाची आहे, असे एका ध्वनिमुद्रित बाईने बराच वेळ सांगितल्यावर एक तरुण आवाज आला. आवाज अतिशय नम्र होता. इतका, की त्यातून पलीकडे काहीच पोचत नव्हते.

"स्क्रीनवर काय दिसतंय, मॅडम?"

"हिरवी खूण."

"अभिनंदन, मॅडम! आणखी काही मदत करू शकतो का?"

"अहो, थांबा. स्क्रीनवर चौकोन होतोय. जमिनीवर होत नाहीये. तो डावीकडे कलतो आणि कपाटाखाली जातो."

"मॅडम, तुमच्या रोबोटची नोंद माझ्यासमोर उघडी आहे. तो चौकोन पूर्ण करून जागेवर परत आलेला आहे."

"तो माझ्या हातात आहे! आत्ताच कपाटाखालून काढलाय."

"आमच्याकडे तो कपाटाखाली गेल्याचं दिसत नाही, मॅडम."

"बरं, हे बघा. डाव्या चाकात केस अडकलाय. मला दिसतोय. तुमचा माणूस पाठवा, दोन मिनिटांचं काम आहे."

"आम्ही ब्राउझरमधून सेवा देतो, मॅडम. ब्राउझरमधून केस काढायची सोय अजून नाही. आपण एक करू या का? ब्राउझरचा इतिहास पुसून बघू या."

"इतिहासाचा आणि केसाचा काय संबंध?"

"पुष्कळ जणांना फरक पडलाय, मॅडम."

बाईंनी इतिहास पुसला. केसाला फरक पडला नाही. मात्र त्याच ब्राउझरमध्ये शाळेची हजेरी उघडी होती; ती पुसली गेली आणि तिचा पासवर्ड कोणालाच आठवेना, कारण तो आठवण्याचे काम आजवर ब्राउझर करत आला होता. परिणामी त्या दिवशी संपूर्ण शिक्षकवर्ग गैरहजर लागला. त्यात मुख्याध्यापकही होते. नियमानुसार त्यांनी सर्वांकडून खुलासे मागवले, स्वतःकडूनही मागवला, आणि स्वतःचा तेवढा समाधानकारक असल्याचे नमूद केले.

फोन ठेवण्यापूर्वी त्या नम्र आवाजाला तक्रारीचा प्रकार निवडायचा होता. पान उघडत नाही, यंत्र जोडले जात नाही, आवाज येत नाही आणि परिसर, एवढेच प्रकार उपलब्ध होते. कपाट आणि जमीन या गोष्टी परिसरात मोडतात, असा त्याने निष्पक्षपणे विचार केला. थोड्याच वेळात शाळेला संदेश आला: 'आपली तक्रार निकाली काढण्यात आली आहे. दोष: जमीन. उपाययोजना: शाळेने करावी.'

बांधकामाकडे पत्र गेले. तिथून कोणी येईपर्यंत वर्गात एक घटना घडली, जिची खरे तर कोणीच दखल घ्यायला नको होती.

वर्गात एक मुलगी होती. तिचा हात सदैव वर असे, म्हणून शिक्षकांच्या खोलीत तिला 'शंका' म्हणत. नव्या शिक्षकांना तो हात दिसला, की ते न विचारताच "जा, लवकर ये" म्हणत आणि ती बिचारी कारण नसताना व्हरांड्यातून फिरून येई. शंका काही तास मुकादमाकडे नुसती टक लावून बसली होती. मग तिची पाळी आली. तिने ठोकळे लावले, पण 'पुढे जा' एकदम न देता थोडे थोडे दिले, आणि दर वेळी मध्ये 'किंचित उजवीकडे' असा एक ठोकळा घातला. बटण दाबले. मुकादम निघाला. डावीकडे कलायला लागला, की सावरे. कले, की सावरे. असा तो चारही कोपरे घेऊन, निघाला होता तिथेच येऊन थांबला. वर्ग श्वास रोखून बघत होता.

"अगं, जमलं की!" बाई टुणकन उठल्या. "कसं सुचलं तुला?"

"बाई, आमचे आजोबा असेच चालतात," शंका म्हणाली. "एका पायानं ओढून. त्यांना जरा जरा दुसरीकडे वळवावं लागतं."

तेवढ्यात लॅपटॉप टुंग करून वाजला. पानावर लाल खूण होती. चित्रातल्या मुकादमाच्या चाकात केस नव्हता. तो बापडा दर वेळी उजवीकडे वळत वळत चौकोनाबाहेर गेला होता.

लाल खूण वर गेली. दुपारी मुख्याध्यापक वर्गाच्या दारात होते.

"लाल कोणी केलं?"

"सर, पण जमिनीवर चौकोन झाला. खरा चौकोन."

"जमिनीवरचा चौकोन वर दिसतो का?"

"नाही."

"मग?" मुख्याध्यापकांचा आवाज मऊ झाला. "बाई, पालकसभेपर्यंत खूण सुधारता येते. तिला ते जादाचे ठोकळे काढायला सांगा. तुमच्या भल्यासाठी सांगतोय."

बाई शंकाजवळ जाऊन बसल्या. कसे सांगावे त्यांना कळेना.

"बाळा, ते उजवीकडचे ठोकळे काढलेस तर तुझी खूण हिरवी होईल."

"पण मग मुकादम परत कपाटाखाली जाईल."

"हो."

"मग काढायचे कशाला?"

बाईंना उत्तर येत होते, पण मुलीसमोर द्यावेसे वाटेना. "राहू दे," त्या म्हणाल्या.

बांधकामाचे अभियंते आले. त्यांनी पातळी मोजायची नळी ठिकठिकाणी ठेवून पाहिली. नळीतला बुडबुडा सगळीकडे मध्यभागी येत होता.

"जमीन एकदम सरळ आहे हो," अभियंते म्हणाले.

"असं लिहू नका," मुख्याध्यापक घाईने म्हणाले. "जमीन सरळ म्हटलंत तर दोष कोणाचा ठरणार?"

"रोबोटचा."

"रोबोट वरून आलाय, साहेब. जमीन आपली आहे."

अभियंत्यांची नोकरी बरीच झाली होती. त्यांनी एकदा मुख्याध्यापकांकडे आणि एकदा छताकडे पाहिले आणि अहवाल लिहिला: 'जमीन सर्वसामान्य वापरासाठी सरळ असली, तरी यंत्रमानवाच्या अपेक्षांशी सुसंगत नाही.'

मुकादम डावीकडे जातो, म्हणून जमिनीला उजवीकडे उतार देण्यात आला. आता मुकादम नाकासमोर चालू लागला, आणि मुख्याध्यापकांनी अभियंत्यांचा हात हातात घेतला. परंतु चौकोनात पहिल्या बाजूनंतर दुसरी बाजू असते, ही बाब नियोजनात सुटली होती. कोपऱ्यावर डावीकडे वळताच तोच उतार चढ होऊन त्याच्या पुढ्यात आला आणि तो सुसाट मागे घसरत जाऊन दारावर आपटला. चौकोनाच्या चारही बाजूंना बाहेरच्या अंगाला उतार हवा, असे गणित निघाले. चारी बाजूंना बाहेर उतार याचा अर्थ मधोमध उंचवटा. सुट्टीत काम झाले. शाळा उघडली तेव्हा वर्गात एक टेकडी होती.

टेकडी गुळगुळीत होती. मुलांनी बाके लावली, की ती हळूहळू भिंतीकडे घसरत. म्हणून बाके भिंतीलाच लावून टाकली. पेन्सिल पडली, की पळत जाऊन कोपऱ्यात अडवावी लागे. बाई माथ्यावर उभ्या राहून शिकवत आणि फळ्यावर लिहायचे झाले, की साडी सावरत जपून खाली उतरत. मुले एक गुडघा वाकवून उभी राहायला शिकली. मुकादम मात्र खूश होता. केस त्याला आत ओढी, टेकडी बाहेर ओढी, आणि दोघांच्या ओढाताणीत तो चौकोन काढी. पानावर हिरवी खूण, जमिनीवर चौकोन. मुख्याध्यापकांनी वर कळवले, की नव्या रचनेमुळे शिक्षकांना वर्गावर उंचावरून लक्ष ठेवता येते आणि मागच्या बाकाचा प्रश्न कायमचा सुटला आहे. वरून उत्तर आले: 'उतार मंजूर. तपासणीस अधिकारी येत आहेत.'

तपासणीच्या आदल्या दिवशी मधल्या सुट्टीत बाई एकट्याच वर्गात होत्या. मुकादम उलटा पडून होता आणि चाकातला तो केस त्यांच्याकडे बघत होता. एवढासा केस. त्यापायी अख्ख्या वर्गाची जमीन उचलली गेली होती. बाईंना एकदम असा काही राग आला, की त्यांनी पर्समधली नखं कापायची कात्री काढली, स्टिकर टराटरा फाडला, कात्रीच्या टोकाने स्क्रू फिरवला आणि केस ओढून काढला. मग त्यांनी मुकादमाला बाहेर व्हरांड्यात नेले, तिथल्या साध्या, सपाट, नामंजूर जमिनीवर ठेवले आणि लॅपटॉपवर बटण दाबले.

मुकादम निघाला तो सुतासारखा सरळ. वळला. परत सरळ. डबे खात बसलेली मुले उठून जवळ आली. शंकाही आली. मुकादम चारही बाजू चालून बाईंच्या पावलांशी येऊन थांबला आणि त्याने दिवे मिचकावले. बाईंच्या डोळ्यांत टचकन पाणी आले. आपण विज्ञान का शिकलो, हे त्यांना बऱ्याच दिवसांनी आठवले होते.

हा आनंद सुट्टी संपल्याची घंटा होईपर्यंत टिकला. घंटेनंतर मुख्याध्यापक उद्याची रंगीत तालीम बघायला आले. मुकादमाला टेकडीवर ठेवले. आता आत ओढायला केस नव्हता, बाहेर ओढायला टेकडी तेवढी होती. मुकादम गडगडत खाली गेला आणि भिंतीवर थडकला.

"बिघडवलात!" मुख्याध्यापक ओरडले.

"नाही सर, दुरुस्त केला."

"दुरुस्त? कोणाला विचारून दुरुस्त केला? बाई, उतार मंजूर झालाय तो बिघडलेल्या रोबोटसाठी! आता दुरुस्त रोबोटसाठी मी नवी मंजुरी कुठून आणू? आणि जमीन कुठून आणू?"

"सर, जुनी जमीन सरळच होती."

"हे तुम्ही मला सांगताय. उद्या त्यांना सांगाल?"

बाईंच्या डोळ्यांसमोर सासूबाई आल्या, शेजारीण आली, तो मिटल्या डोळ्यांनी जायचा प्रस्ताव आला. काढलेला केस त्यांनी रागाच्या भरात खिडकीबाहेर फेकला होता. त्या भिंतीपाशी खाली बसल्या, वेणीतून स्वतःचा एक लांब केस खेचला आणि डाव्या चाकाच्या दांड्याला नीट, घट्ट गुंडाळू लागल्या.

शंकाचा हात वर झाला. "बाई, काय करताय?"

"तपासणीची तयारी," बाई मान वर न करता म्हणाल्या.

अधिकारी आले. त्यांनी टेकडीकडे पाहिले, तीवर चढण्याचा आग्रह नम्रपणे नाकारला आणि भिंतीलगतच्या खुर्चीत लॅपटॉपकडे तोंड करून बसले. त्यामुळे त्यांची पाठ आपोआप मुकादमाकडे झाली. बाईंनी बटण दाबले. मुकादम पहिली बाजू सुरेख चालला आणि कोपऱ्यावर आला, तेवढ्यात त्याचा लॅपटॉपशी संपर्क तुटला. तो टेकडीवर जागच्या जागी थांबला. मुख्याध्यापकांनी खिडकीचा गज धरला. वर्गात एवढी शांतता झाली, की भिंतीकडे घरंगळणारी एक पेन्सिल स्पष्ट ऐकू आली.

पानावरचा चित्रातला मुकादम मात्र चालतच होता. त्याला संपर्काची गरज नव्हती. त्याने दुसरी बाजू संपवली, तिसरी संपवली, चौथी संपवली. हिरवी खूण आली.

"उत्तम," अधिकारी म्हणाले आणि उठले. "मुलांची एकाग्रता वाखाणण्याजोगी आहे."

जाता जाता त्यांना मागे टेकडीवर उभा असलेला मुकादम दिसला. "हा काय, शोभेचा का?" त्यांनी विचारले. मुख्याध्यापकांनी होय म्हटले.

पुढच्या गोष्टी फार सुरळीत झाल्या. चौकोन पानावरच पूर्ण होत असल्याने प्रत्यक्ष यंत्रमानवाची झीज टाळावी, असा आदेश आला आणि मुकादम कपाटात गेला. यंत्रमानव नसला तरी टेकडी मंजूर असल्याने ती राहिली. शिवाय ती इतर शाळांसाठी नमुना ठरली. बाई कायम झाल्या. सासूबाईंनी शेजारीपाजारी सांगायला जायचे ठरवले, मग आपण सांगून मोकळ्या झालो आहोत हे आठवून त्या परत बसल्या. बाईंना मात्र वाटला होता तेवढा आनंद होईना. सबंध वर्ग हिरवा होता, आणि त्यात एकच लाल खूण होती.

पालकसभा व्हरांड्यात भरली, कारण वर्गात खुर्च्या उभ्या राहत नसत. पालकांना मोबाइलवर आपापल्या मुलांच्या खुणा पाहता येतील, असे मुख्याध्यापकांनी जाहीर केले. सगळ्या माना एकदम खाली गेल्या. फक्त एक गृहस्थ उठून बाईंकडे आले. ते शंकाचे बाबा होते. शंका त्यांच्या मागे होती.

"बाई, आमचीच तेवढी लाल का हो?"

"कारण खरा रोबोट फक्त तिनंच चालवला," बाई म्हणाल्या. आता त्या कायम होत्या. "थांबा, तुम्हाला दाखवतेच."

त्यांनी कपाट उघडून मुकादम आणला आणि पालकांच्या खुर्च्यांच्या मधल्या मोकळ्या जागेत ठेवला. चाकात त्यांचा स्वतःचा केस अजून तसाच होता. शंकाने लॅपटॉप मांडीवर घेतला, आपले जुने ठोकळे उघडले, बटण दाबले. मुकादम निघाला. कलला, सावरला, कलला, सावरला. पहिला कोपरा त्याने नेमका घेतला.

"बघा," बाई म्हणाल्या.

"हो, हो, छान आहे," बाबा मोबाइलकडे बघत म्हणाले. "पण खूण अजून लालच दाखवतंय."

"अहो, जमिनीवर बघा ना. एकदा."

"बघितलं असतं हो बाई, पण आज शेवटचा दिवस आहे ना सुधारायचा? बाकी सगळ्यांचं हिरवं आहे. मला तेवढं हिरवं कसं करायचं ते सांगा."

शंकाने बाबांकडे पाहिले. मग बाईंकडे पाहिले. तिचा हात वर झाला नाही. तिने 'किंचित उजवीकडे'चे ठोकळे एकेक करून काढून टाकले आणि पुन्हा बटण दाबले. चित्रातला मुकादम रेखीव चौकोन चालून गेला. जमिनीवरचा मुकादम डावीकडे कलत कलत खुर्च्यांच्या रांगांत शिरला.

"झालं!" बाबा आनंदाने म्हणाले आणि त्यांनी तिच्या पाठीवर थाप मारली. "एवढंच तर होतं. उगाच घाबरवलंस."

बाई मुकादमाच्या मागे धावल्या. "जरा बघता का, तुमच्या पायाशी आहे," असे त्या प्रत्येक रांगेत म्हणत होत्या. रांगांतल्या माना मोबाइलमध्येच होत्या. मुकादम एका पायाला जाऊन टेकला आणि ढुशा देत राहिला. त्या पायाने त्याला वाट करून दिली, पण खाली पाहिले नाही.

बाबांना नावे ठेवू नका. तो पाय त्यांचा नव्हता. तो तुमचा होता. तुम्ही तिसऱ्या रांगेत, कडेच्या खुर्चीवर बसून मोबाइलमध्ये आपल्या मुलाची खूण शोधत होता.

सापडली ना? हिरवीच होती ना?

मग झालं तर.